एकाच जवाचे दोन भाव: डेन्मार्कच्या शेतातला दाणा

ऑगस्टचा महिना, डेन्मार्कमध्ये कापणीची धांदल. जवाने भरलेला ट्रेलर सहकारी संस्थेच्या गोदामापाशी येऊन थांबतो. वरून एक पोकळ नळी खाली येते, ढिगात चार-सहा ठिकाणी खोल शिरते आणि प्रत्येक ठिकाणचे मूठभर दाणे ओढून आत नेते. आत टेबलावर एक यंत्र असतं. त्यात दाणे ओतले की त्यांतून प्रकाश सोडला जातो आणि मिनिटाभरात पडद्यावर आकडे येतात: ओलावा किती, प्रथिनं किती. शेजारी अडीच मिलिमीटर फटींची चाळणी हलत असते. वर किती दाणे राहिले आणि खाली किती गळले, त्याचं वजन होतं. मग ट्रॅक्टरवाल्याला सांगितलं जातं, माल या खड्ड्यात ओत किंवा त्या.

एका खड्ड्यातला जव बिअरसाठी जाणार, दुसऱ्यातला डुकरांच्या खाद्यात. शेत तेच, बियाणं तेच, पाऊसही तोच. तरी दोन खड्ड्यांचे भाव वेगळे. हा फरक कुठून येतो, हे समजलं की एवढ्याशा देशातला धान्यबाजार कसा चालतो ते बऱ्यापैकी उलगडतं.

आधी जवाबद्दल दोन शब्द, कारण आपल्याकडे नावांचा घोळ आहे. जव म्हणजे जवस नव्हे. जवस तेलबी आहे, आपण तिची चटणी करतो. जव म्हणजे पूजेत लागणारा यव, इंग्रजीतली बार्ली. काही भागांत त्यालाच सातू म्हणतात, पण सातूचं पीठ म्हणून जे विकलं जातं त्यात पुष्कळदा गहू आणि डाळंच असतं. महाराष्ट्रात जव फारसा पिकत नाही, तो राजस्थान-उत्तर प्रदेशाकडचा. डेन्मार्कमध्ये मात्र गहू आणि जव ही दोन मोठी पिकं. देश महाराष्ट्राच्या साधारण सातव्या हिश्शाएवढा, लोकसंख्या साठ लाखांच्या आसपास, आणि जमिनीचा जवळपास ६० टक्के भाग शेतीखाली. बराचसा जव वसंतात, म्हणजे मार्च-एप्रिलमध्ये पेरतात आणि ऑगस्टमध्ये काढतात.

तिथला भाव वाचताना मराठी शेतकऱ्याला एक गोष्ट अगदी घरची वाटेल. युरोपच्या घाऊक बाजारात धान्याचा भाव टनावर बोलतात, पण डॅनिश शेतकरी तो १०० किलोवर बोलतो. नाव वेगळं असलं तरी माप आपल्या क्विंटलचंच.

दाणा जिवंत हवा

बिअर आणि व्हिस्कीसाठी जव थेट वापरत नाहीत, त्याचं माल्ट करतात. माल्ट हा शब्द परका वाटला तरी कृती आपल्या घरातली आहे. नाचणीचं सत्त्व करताना आपण काय करतो? नाचणी भिजवतो, फडक्यात बांधून मोड आणतो, वाळवतो आणि दळतो. माल्टही तसंच. जव भिजवायचा, चार-पाच दिवस अंकुरू द्यायचा आणि कोंब फार वाढायच्या आत गरम हवेने वाळवायचा. अंकुरताना दाण्यात अशी विकरं (एन्झाइम) तयार होतात की ती पिठूळ भागाची साखर करू शकतात. पुढे त्या साखरेवर यीस्ट काम करतं.

यातून पहिली अट निघते: दाणा जिवंत हवा. शंभरातले पंच्याण्णवहून अधिक दाणे अंकुरले पाहिजेत, करार कडक असेल तर अठ्ठ्याण्णव. कापणीत पाऊस लागून कणसातच मोड आले, तर माल गेला. ओला जव घाईने जास्त तापमानावर वाळवला तर कोंब भाजून मरतो. दाणा दिसायला छान, हाताला कोरडा, पण मेलेला. डुकराला त्याचं काही वाटत नाही. माल्ट कारखान्याला मात्र तो नुसता भुसा.

दुसरी अट चाळणीची. दाणे टपोरे आणि एकसारखे हवेत, कारण बारीक दाणा लवकर भिजतो, मोठा उशिरा भिजतो आणि मोड एकसारखे येत नाहीत. मटकी जुनी-नवी मिसळली की अर्धी मोड येते आणि अर्धी दगडासारखी राहते, ते इथे लाखो किलोंच्या बाबतीत घडतं. म्हणून साधारण नव्वद टक्के दाणे त्या अडीच मिलिमीटरच्या चाळणीवर राहावेत अशी अपेक्षा असते.

तिसरी अट प्रथिनांची, आणि खरा पेच तिच्यात आहे.

माल्टच्या जवात प्रथिनं साधारण साडेनऊ ते साडेअकरा टक्क्यांच्या पट्ट्यात हवीत. जास्त झाली की पिठूळ भाग त्या प्रमाणात कमी, म्हणजे तेवढ्याच जवातून बिअर कमी निघते, शिवाय ती गढूळ होण्याची भीती. कमी पडली तर फेस नीट टिकत नाही आणि यीस्टला खायला पुरत नाही. डुकरांचं गणित याच्या उलट. खाद्यात प्रथिनं जितकी जास्त तितकं बरं, कारण उरलेली गरज बाहेरून आणलेल्या सोयाबीनच्या पेंडीने भागवावी लागते आणि ती महाग पडते. डुक्कर पाळणाऱ्याला जो जव हवाहवासा, त्याला बिअरवाला नाक मुरडतो. एकाच पिकाची दोन गिऱ्हाइकं आणि दोघांची चव एकमेकांविरुद्ध, असा बाजार क्वचित पाहायला मिळतो.

प्रथिनं मोजणारा माणूस

दाण्यातली प्रथिनं मोजायची कशी, हा प्रश्न एकोणिसाव्या शतकात नीट सुटलेला नव्हता. तो सुटला कोपनहेगनमध्ये, तोही बिअरच्या कारखान्यामुळे. याकोब क्रिश्चन याकोबसेन यांनी १८४७ साली कार्ल्सबर्ग कारखाना सुरू केला आणि १८७५ साली त्याला जोडून एक प्रयोगशाळा उभारली. तिथल्या रसायन विभागाचा प्रमुख होता योहान केल्डाल. रसायनशास्त्र शिकलेल्यांना हे नाव ओळखीचं असेल, कारण केल्डाल पद्धत आजही अभ्यासक्रमात असते. पण ती बिअरच्या जवापायी जन्मली हे वर्गात सहसा कुणी सांगत नाही.

१८८३ साली त्याने ही पद्धत मांडली. दळलेला जव तीव्र गंधकाम्लात उकळायचा. दाण्यातला सगळा सेंद्रिय भाग तुटतो आणि त्यातलं नत्र अमोनियाच्या क्षाराच्या रूपात द्रावणात राहतं. मग त्यात अल्कली घालून अमोनिया मोकळा करायचा, वाफेबरोबर दुसऱ्या भांड्यात धरायचा आणि तो किती आहे ते मोजायचं. नत्राचा आकडा ६.२५ ने गुणला की प्रथिनांचा अंदाज मिळतो. आधीच्या पद्धती किचकट आणि वेळखाऊ होत्या. ही पद्धत साध्या उपकरणांवर चाले आणि एका वेळी अनेक नमुने हाताळता येत. त्याच वर्षी त्याच प्रयोगशाळेत एमिल क्रिश्चन हान्सेन यांनी एकाच पेशीपासून शुद्ध यीस्ट वाढवण्याची रीत काढली आणि कार्ल्सबर्गने ती दडवून न ठेवता इतरांनाही वापरू दिली. मला या माणसांबद्दल मनापासून आदर वाटतो. व्यापारासाठी सुरू झालेलं काम त्यांनी सगळ्या जगाच्या हाती दिलं.

आज गोदामापाशी गंधकाम्ल उकळत बसायला वेळ नसतो. तिथलं यंत्र अवरक्त प्रकाशाच्या शोषणावरून अंदाज बांधतं. जगभरच्या गोदामांत दिसणारी अशी यंत्रं बनवणाऱ्या कंपन्यांतली एक मोठी कंपनी, फॉस, डेन्मार्कमधल्या हिलेरोडचीच आहे. पण यंत्राचा आकडा बरोबर की चूक, हे ठरवायला प्रयोगशाळेतल्या रासायनिक पद्धतींचाच आधार लागतो. त्यांतली सगळ्यांत मुरलेली केल्डालची.

भाव चर्चमध्ये ठरायचा तेव्हा

आता भावाकडे येऊ. आज डॅनिश जवाचा भाव देशाबाहेर ठरतो, पण एके काळी तो देशातच आणि अगदी अधिकृतपणे जाहीर होई. कुळं जमिनीचा खंड आणि चर्चचा दशांश धान्यात देत. धान्याऐवजी रोकड द्यायची झाली तर हिशेबाचा दर लागे. तो दर पूर्वी बिशपच्या मुख्य चर्चचं मंडळ ठरवी, त्यावरून त्याला 'कापिटेलटाक्स्ट' म्हणजे मंडळाचा दर असं नाव पडलं. पुढे तो सरकारी अधिकारी काढू लागले. दरवर्षी, प्रांताप्रांताचा वेगळा. याच नोंदींमुळे डेन्मार्कमधल्या जवाच्या भावाची काही शतकांची मालिका इतिहासकारांच्या हाती लागली आहे.

त्याहून मला विलक्षण वाटतं ते जमीन मोजण्याचं एकक. १६८०च्या दशकात राजा पाचव्या क्रिश्चनच्या काळात देशभरच्या शेतांची मोजणी झाली आणि १६८८ साली नवी नोंदवही लागू झाली. तीत जमिनीची किंमत पैशात नव्हती, धान्याच्या पिंपांत होती. एककाचं नाव हार्टकोर्न, अर्थ 'कठीण धान्य', म्हणजे राय किंवा जव. सुपीक बेटांवर थोड्याच जमिनीचं एक पिंप भरे, पश्चिमेकडच्या जटलंड द्वीपकल्पाच्या रेताड माळावर त्यासाठी कितीतरी पट जमीन लागे. पिंप सुमारे १३९ लिटरचं. जमिनीवरचा कर याच हिशेबाने १९०३ पर्यंत चालला. आपल्याकडे आणेवारी पिकावरून जमिनीच्या वर्षाची पारख करते. तिथे जमिनीची कायमची पतच जवाच्या मापात लिहिलेली होती.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत हे गणित शेतकऱ्याच्या बाजूने होतं. ब्रिटनने १८४६ साली धान्यावरचे आयात निर्बंध उठवायला सुरुवात केली आणि डॅनिश धान्य जहाजं भरभरून इंग्लंडला जाऊ लागलं. मग १८७०च्या दशकात वारं फिरलं. अमेरिकेत रेल्वे पार आतल्या मैदानांपर्यंत पोचली, आगबोटींचं भाडं उतरलं, काळ्या समुद्रातून रशियन धान्य येऊ लागलं. युरोपातले भाव कोसळले.

जर्मनीने १८७९ साली आयातकर लावला, पुढे फ्रान्सनेही तोच रस्ता धरला. डेन्मार्कने तसं केलं नाही. स्वस्त धान्य येतंय ना, येऊ द्या, आपण ते जनावरांना घालू आणि लोणी नि खारवलेलं डुकराचं मांस विकू, असा पवित्रा तिथल्या शेतकऱ्यांनी घेतला. १८८२ साली जटलंडमधल्या ह्येडिंग या खेड्यात पहिली सहकारी डेअरी सुरू झाली. लोणी काढल्यावर उरलेलं दूध आणि घरचा जव डुकरांना. १८८७ साली जर्मनीने जिवंत डुकरांची आयात बंद केली आणि त्याच वर्षी हॉर्सेन्सला पहिला सहकारी कत्तलखाना उभा राहिला. इंग्रजाच्या न्याहारीतलं बेकन तिथून जाऊ लागलं. काही वर्षांतच धान्य विकणारा देश धान्य विकत घेणारा झाला, आणि त्यातूनच सधनही झाला.

सहकारी साखर कारखाने आणि दूध संघ पाहिलेल्या मराठी वाचकाला यात काहीतरी ओळखीचं दिसेल. पण मला वेगळ्याच गोष्टीकडे लक्ष वेधायचं आहे. भाव आपल्या हातात नाही, पण दाणा कुठे वळवायचा ते आहे, हे त्या देशाने १८८०च्या दशकात जोखलं. आज ट्रेलर या खड्ड्यात रिकामा होतो की त्या, हा त्याच निर्णयाचा छोटा अवतार आहे.

आजचा भाव पॅरिसहून

डेन्मार्कमध्ये निघणाऱ्या धान्याचा मोठा भाग अजूनही जनावरांच्याच तोंडी जातो. वर्षाला अडीच कोटींहून अधिक डुकरं या देशात जन्मतात, म्हणजे माणसांच्या चौपटीहून जास्त. बरेच शेतकरी स्वतःचाच जव दळून स्वतःच्या गोठ्यात खपवतात. तो बाजारात येतच नाही. त्याचा भाव डुकराच्या भावात दडलेला असतो.

जो बाजारात येतो त्याचं मोजमाप गव्हावरून होतं. पॅरिसच्या युरोनेक्स्ट बाजारात गव्हाचे वायदे, म्हणजे पुढच्या तारखेच्या मालाचे आजच ठरवलेले सौदे चालतात, सप्टेंबर, डिसेंबर, मार्च आणि मे या महिन्यांचे. जवाचा तितका भरभक्कम वायदेबाजार युरोपात नाही. माल्टच्या जवाचे वायदे सुरू करून पाहिले होते, पण सौदेच पुरेसे होईनात. म्हणून पशुखाद्याच्या जवाचा भाव गव्हाच्या मागे मागे चालतो. कारण सरळ आहे: खाद्य बनवणाऱ्याला ऊर्जा हवी असते. गहू महागला तर तो जव जास्त घालतो, जव महागला तर गहू किंवा मका. तिघांचे भाव एकमेकांना दोरीने बांधल्यासारखे असतात.

हिशेब कसा उतरतो ते पाहू. हे आकडे फक्त समजण्यासाठी घेतले आहेत. समजा पॅरिसचा गहू टनाला २०० युरो आहे आणि जव त्याहून १५ युरोंनी खाली, म्हणजे १८५. डॅनिश शेतापासून बंदरापर्यंतची वाहतूक, चढ-उतार, साठवण आणि व्यापाऱ्याचा वाटा मिळून २० युरो वजा. राहिले १६५. डेन्मार्कचं चलन क्रोन आहे, पण ते युरोला बांधलेलं आहे, एका युरोला सुमारे ७.४६ क्रोन. त्यामुळे टनाला सुमारे १,२३० क्रोन, म्हणजे क्विंटलला १२३. एक क्रोन गेल्या काही वर्षांत बारा ते चौदा रुपयांच्या घरात राहिला आहे.

माल्टच्या जवाला याच्यावर वाढावा मिळतो. फ्रान्समध्ये पॅरिसच्या उत्तरेला वाझ नदीवर क्रेई नावाचं गाव आहे. तिथे बार्जमध्ये, म्हणजे नदीतल्या मालवाहू नावेत भरलेल्या जवाचा भाव हा युरोपभरच्या सौद्यांत आधाराला घेतला जातो. समजा वाढावा टनाला २० युरो आहे. म्हणजे क्विंटलमागे १५ क्रोन. हेक्टरी ६० क्विंटल उतारा धरला तर हेक्टरमागे ९०० क्रोन. शंभर हेक्टरवाल्याला ९० हजार. प्रथिनांचा आकडा साडेअकराच्या अलीकडे की पलीकडे, एवढ्यावर ही रक्कम हातात येते किंवा जाते.

हा वाढावा स्थिर राहत नाही, आणि त्याचं वागणं फार नीट समजून घ्यायला हवं. पशुखाद्याच्या जवाचा भाव जगातल्या एकूण धान्यावर चालतो. वाढावा मात्र चालतो तो अटीत बसणारा माल किती निघाला यावर. डेन्मार्क, दक्षिण स्वीडन, स्कॉटलंड, फ्रान्स सगळीकडे हंगाम छान झाला, तर चांगल्या जवाचा पूर येतो आणि वाढावा आटून जातो. शेतकऱ्याने सगळं बरोबर करूनही हातात जवळपास डुकराच्या जवाचाच भाव पडतो. उलट हवामानाने दगा दिला की पीक कमी, पण ज्याचा माल अटीत बसला त्याचं सोनं होतं.

२०१८चा उन्हाळा आठवा, म्हणजे युरोपातल्यांनी आठवावा असा होता तो. मे ते जुलै उत्तर युरोपात पाऊसच नाही. डेन्मार्कची धान्यकाढणी आदल्या वर्षी सुमारे एक कोटी टन होती, ती सुमारे ७० लाखांवर आली. जवाचे दाणे भरायच्या वेळीच पाणी संपलं. दाण्यात प्रथिनं आधी येतात आणि पिठूळ भाग नंतर भरतो. तो भरायचा थांबला की दाणा चिपाड राहतो आणि प्रथिनांची टक्केवारी आपोआप वर चढते. चाळणीतही नापास, आकड्यातही नापास. ज्यांच्या जमिनीत ओल धरून राहिली किंवा ज्यांच्याकडे सिंचन होतं, त्यांचाच माल पुढे गेला.

भावावर हवामानाइतकीच हुकूमत दूरच्या राजधान्यांची. २०२०च्या मे महिन्यात चीनने ऑस्ट्रेलियाच्या जवावर एकूण ८०.५ टक्के कर लावला. ऑस्ट्रेलिया हा चीनच्या बिअर कारखान्यांचा मोठा पुरवठादार. चिनी खरेदीदार फ्रान्स, कॅनडा, अर्जेंटिनाकडे वळले आणि युरोपातल्या जवाचा भाव हलला. २०२३च्या ऑगस्टमध्ये कर उठला आणि प्रवाह पुन्हा फिरला. २०२२च्या फेब्रुवारीत रशियाने युक्रेनवर हल्ला केला. युक्रेन हा पशुखाद्याच्या जवाचा मोठा निर्यातदार. मे महिन्यापर्यंत पॅरिसचा गहू टनाला ४०० युरोंच्या वर गेला होता, जव त्याच्या मागोमाग. २०२४च्या सुरुवातीला तोच गहू २०० च्या खाली आलेला होता. या दोन वर्षांत डॅनिश शेतकऱ्याने आपल्या शेतात वेगळं काहीच केलेलं नव्हतं.

सरकार भाव धरून ठेवत नाही का, हा प्रश्न आपल्या मनात येणारच. युरोपीय संघात टनाला १०१.३१ युरो अशी हस्तक्षेपाची किंमत आहे, म्हणजे ज्या किमतीला सरकारी यंत्रणा धान्य खरेदी करू शकते ती, पण बाजारभाव सहसा तिच्या बराच वर असतो आणि जवासाठी ती खरेदी आपोआप सुरूही होत नाही. १९९२ पासून सरकारी मदत भावातून देण्याऐवजी जमिनीच्या हेक्टरवर दिली जाऊ लागली. भारतात जवाला हमीभाव आहे, २०२५-२६ च्या खरेदी हंगामासाठी तो क्विंटलला १,९८० रुपये होता. डॅनिश शेतकऱ्याला असा आकडा पेरणीआधी कुणी सांगत नाही. तो स्वतःच भाव बांधून घेतो: थोडा माल वसंतातच करार करून, थोडा कापणीला, थोडा स्वतःच्या कोठारात ठेवून हिवाळ्यात. काही जण सहकारी संस्थेच्या एकत्रित विक्रीत सामील होतात. संस्था वर्षभर विकते आणि सरासरी भाव देते.

नत्राची वही

प्रथिनं म्हणजे नत्र, आणि नत्र म्हणजे खत. इथे जवाच्या भावात अचानक समुद्र येतो. १९८६च्या शरद ऋतूत कॅटेगॅट समुद्रातून वर ओढलेल्या जाळ्यात मेलेले लॉबस्टर डॅनिश टीव्हीवर दिसले. शेतातलं नत्र ओढ्या-नद्यांतून समुद्रात जातं, तिथे शेवाळ माजतं, ते कुजताना पाण्यातला प्राणवायू संपतो. लोक खवळले आणि १९८७ साली पाण्याच्या रक्षणाचा पहिला मोठा आराखडा आला. १९९८ च्या दुसऱ्या आराखड्यात प्रत्येक पिकाला द्यायचं नत्र आर्थिकदृष्ट्या योग्य प्रमाणाच्या दहा टक्के खाली बांधलं गेलं. शेतकऱ्याने किती खत टाकलं त्याची वही सरकारला द्यायची. पुढे ही तफावत वाढत वीस टक्क्यांच्या आसपास गेली.

डॅनिश धान्यातली प्रथिनं वर्षानुवर्षं घसरत गेली. डुकरं पाळणाऱ्यांची तक्रार होती की घरच्या धान्यात दम उरला नाही, सोयाबीनची पेंड जास्त आणावी लागते. माल्टवाल्यांना मात्र कमी प्रथिनांचा जव पथ्यावर पडला, फार खाली गेला तरच अडचण. २०१५च्या डिसेंबरात राजकीय तडजोड झाली आणि २०१६ पासून खताची मर्यादा सैल झाली. समुद्र वाचवायला केलेला नियम बिअरच्या जवाला अनुकूल आणि डुकराच्या जवाला प्रतिकूल ठरला. असं कुणी ठरवून केलेलं नव्हतं.

आता आणखी एक घडी बसते आहे. २०२४च्या जूनमध्ये सरकार, शेतकरी संघटना, उद्योग, कामगार आणि पर्यावरण संस्था यांच्यात करार झाला. २०३० पासून जनावरांमुळे होणाऱ्या हरितगृह वायूंच्या उत्सर्जनावर कर, टनाला ३०० क्रोन, २०३५ पर्यंत ७५०, त्यात साठ टक्क्यांची सूट. शिवाय सुमारे अडीच लाख हेक्टरवर जंगल उभं करायचं. डुकरं कमी झाली तर जव गोठ्याऐवजी जहाजात जाईल. शेजारच्या खाद्य गिरणीला विकलेल्या जवाचं जहाजभाडं वाचतं, बंदरातून गेलेल्याचं वजा होतं. पण शेतंही जंगलाखाली जाणार, म्हणजे जवही कमी निघणार. कोणतं पारडं जड होईल यावर तिथली मंडळी आत्ताच वाद घालताहेत.

आणि बिअरचं काय? अर्ध्या लिटर बिअरला साधारण शंभर ग्रॅम जव लागतो. क्विंटलला दीडशे क्रोन भाव धरला तर हा शंभर ग्रॅम म्हणजे क्रोनचा सातवा हिस्सा. कोपनहेगनच्या पबात तीच बिअर पन्नास क्रोनच्या पुढे मिळते. जव दुप्पट झाला किंवा निम्म्यावर आला, तरी पेल्याच्या किमतीत त्याचा आवाज ऐकू येत नाही. म्हणूनच बिअरवाला भावापेक्षा गुणाबद्दल काटेकोर असतो. चार पैसे वाचवायला तो मेलेला दाणा घेणार नाही.

शेतकऱ्याला मात्र त्या पंधरा क्रोनांच्या वाढाव्याचा विचार एप्रिलमध्येच करावा लागतो, ऑगस्टमध्ये नव्हे. नत्र थोडं जास्त टाकलं तर उतारा वाढेल, पण उन्हाळा कोरडा गेला तर प्रथिनं साडेअकराच्या वर. थोडं हात राखून टाकलं तर माल्टच्या अटीत बसण्याची शक्यता जास्त, पण हेक्टरमागे दोन-चार क्विंटल कमी. पाऊस कसा पडेल ते एप्रिलमध्ये ठाऊक नसतं, चीन काय करेल तेही नाही. तो खताच्या पेरणीयंत्राचा आकडा लावतो, वहीत लिहितो आणि शेतात उतरतो.